झाओ डान: शांघायच्या एका मोठ्या नटाची गोष्ट

नमस्कार मंडळी! १९३७ सालच्या 'स्ट्रीट एंजल' या शांघायच्या सिनेमात बँडमध्ये ट्रम्पेट वाजवणारा एक फाटका, हसरा पोरगा दिसतो. तोच झाओ डान. चिनी सिनेमातला माझा सगळ्यात लाडका नट.

१९३९ मध्ये तो नाटक उभं करायला दूर शिनजियांगला गेला. तिथला लष्करी सत्ताधीश शेंग शित्साईनं त्याला तुरुंगात डांबलं. इकडे बायकोच्या कानावर आलं की नवरा गेला. तिनं दुसरं लग्न केलं. १९४५ मध्ये हा सुटला, पण परतून येतो तर संसारच उरला नव्हता.

आणि मग याच माणसाचा १९४९ चा 'कावळे आणि चिमण्या' बघा! सरकारी अधिकाऱ्यानं बळकावलेलं घर आणि त्यातले भाडेकरू. झाओ त्यात एक बडबड्या फेरीवाला. महागाई आभाळाला भिडलेली, म्हणून हा सोनं मिळवायला रांगेत उभा राहतो आणि मार खाऊन परततो. सिनेमा बनत होता तेव्हा खरोखर तेच शांघाय बाहेर होतं! तेव्हाच्या राष्ट्रवादी (कुओमिंतांग) सरकारच्या सेन्सॉरला बनावट पटकथा दाखवून शूटिंग सुरू केलं, ते उघडकीला आलं, काम बंद पडलं. मे १९४९ मध्ये शहर कम्युनिस्टांच्या हाती आलं, तेव्हा कुठे सिनेमा पुरा झाला. मला त्याची ही भूमिका सगळ्यात मोठी वाटते. लोभी माणूस आहे, तरी क्षणभरही त्याचा तिरस्कार वाटत नाही.

पुढे त्यानं वू श्युन साकारला, भीक मागून गरिबांसाठी शाळा काढणारा शांतुंगचा माणूस. मे १९५१ मध्ये 'पीपल्स डेली' या कम्युनिस्ट पक्षाच्या मुखपत्राच्या अग्रलेखानं हा सिनेमा झोडपला. अग्रलेख खुद्द माओंच्या हातचा. मग काही वर्षं झाओला काम जवळपास मिळालंच नाही. अफूच्या व्यापाराशी लढणाऱ्या अधिकाऱ्यावरचा त्याचा 'लिन झेश्यू' हा सिनेमा आला तो १९५९ मध्ये.

पण खरा घाव पुढेच होता. १९३० च्या दशकात नॉर्वेचा नाटककार इब्सेन याच्या नाटकात झाओची नायिका होती लान पिंग नावाची नटी. १९३६ मध्ये हांग्जोला तीन जोडप्यांची एकत्र लग्नं लागली, त्यात हे दोघंही होते, आपापल्या जोडीदाराबरोबर. ती लान पिंग म्हणजे पुढची माओपत्नी जियांग चिंग. सांस्कृतिक क्रांतीत, म्हणजे माओंनी १९६६ मध्ये सुरू केलेल्या राजकीय मोहिमेत, तिचे जुने दिवस माहीत असणं हाच गुन्हा ठरला. १९६७ ला झाओ आत गेला, १९७३ ला सुटला.

त्यानंतरही भूमिका नाही. त्याला चीनचे पंतप्रधान चौ एनलाय साकारायचे होते, तेही राहिलं. ८ ऑक्टोबर १९८० ला, तो कर्करोगानं अंथरुणाला खिळलेला असताना, त्याच 'पीपल्स डेली'त त्याचा लेख छापून आला: सरकारनं कलेत बारीकसारीक ढवळाढवळ केली, तर कलेला आशा नाही. दोन दिवसांनी तो गेला. वय ६५.

त्याचा शेवटचा सिनेमा १९६५ चा. एवढ्या ताकदीचा नट पंधरा वर्षं कॅमेऱ्यापासून दूर ठेवला, याचा मला अजून राग येतो.