बिस्किटांचा पुडा

पडद्यावर बस थांबलीय. काचेतून एक मुलगी बाहेर डोकावते, धडपडत उतरते आणि आघाडीवर निघालेल्यांना निरोप द्यायला जमलेल्या गर्दीत घुसते. कॅमेरा तिच्या पाठोपाठ. मग एकाएकी तो वर जातो, आणि खाली दिसते रणगाड्यांची रांग. मुलगी रणगाड्यांच्या मधून पलीकडे पळते. मध्ये एकही कट नाही. छायालेखक सेर्गेई उरुसेव्स्की कॅमेरा हातात धरून तिच्या मागे बसमधून उतरले आणि त्याच ओघात क्रेनवर चढले. पुन्हा मागे नेऊन बघा हवं तर.

मुलीच्या हातात बिस्किटांचा पुडा आहे. तिचा बोरिस सैन्यात चाललाय. तिला उशीर झालाय. गर्दीपलीकडे तो दिसतो, पण त्याला ती दिसत नाही. ती पुडा फेकते. बिस्किटं चालत्या पायांखाली चुरडली जातात.

ही वेरोनिका, म्हणजे अभिनेत्री तात्याना सामोइलोवा. सिनेमा दुसऱ्या महायुद्धावरचा सोव्हिएत 'द क्रेन्स आर फ्लाइंग', साल १९५७.

तात्यानाचा जन्म ४ मे १९३४ चा, लेनिनग्राडचा. वडील येव्गेनी सामोइलोव नावाजलेले नट. ती आधी बॅले शिकली, मग मॉस्कोच्या श्चुकिन नाट्यशाळेत गेली. दिग्दर्शक मिखाईल कालातोझोव यांनी तिला वेरोनिका दिली, तेव्हा तिच्या नावावर जेमतेम काम होतं.

आणि भूमिकाही अवघड. बोरिस आघाडीवर असताना वेरोनिका त्याच्याच चुलत भावाशी लग्न करते. वाट पाहत बसणारी एकनिष्ठ प्रेयसी पाहायची सवय असलेल्या देशात हे पचणं सोपं नव्हतं. सामोइलोवा मात्र तिची बाजू मांडत बसत नाही, माफीही मागत नाही. ते किंचित तिरके डोळे नुसते बघत राहतात. माझ्या मते सिनेमाची सगळी ताकद तिथे आहे; कॅमेऱ्याच्या कसरती त्यानंतर.

१९५८ साली फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात या सिनेमाला पाम दोर हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला, आणि तिच्या अभिनयाची खास दखल घेतली गेली. परदेशातून मागणी आली, पण पश्चिमेकडे जाऊन काम करायला सोव्हिएत सरकारची परवानगी लागे, आणि ती मिळाली नाही. कालातोझोव आणि उरुसेव्स्की यांच्याबरोबर तिने पुन्हा एक सिनेमा केला: सैबेरियाच्या जंगलात हिरे शोधणाऱ्या भूगर्भशास्त्रज्ञांची गोष्ट.

मग १९६७ साली 'आना कारेनिना'. टॉलस्टॉयची आना सामोइलोवा, आणि आनाचा प्रियकर व्रोन्स्की वासिली लानोवॉय, म्हणजे सामोइलोवाचा घटस्फोटित नवरा! जिच्यासाठी पहिलं प्रेम कधीचं संपलं होतं, तिने कॅमेऱ्यासमोर त्याच माणसाच्या प्रेमात पडायचं. बेत्सी या सरदारणीच्या भूमिकेत चक्क नामांकित बॅले नर्तकी माया प्लिसेत्स्काया.

त्यानंतर कामं तुरळक होत गेली. ७० च्या दशकानंतर तर कित्येक वर्षं पडद्यावर तिचं नावही नाही. १९९३ मध्ये 'रशियाची लोककलावंत' हा किताब मिळाला. उतारवयात दोनचार छोट्या भूमिका केल्या, त्यातही ते डोळे तसेच.

४ मे २०१४. ऐंशीवा वाढदिवस. त्याच दिवशी, मॉस्कोतल्या रुग्णालयात, ती गेली. नोवोदेविची दफनभूमीत तिला निरोप दिला गेला.

[पडद्यावर: रेल्वे स्थानक, परतणारे सैनिक. पांढऱ्या पोशाखातली वेरोनिका. बोरिससाठी आणलेली फुलं ती एकेक करून अनोळखी माणसांना देत चाललीय. आवाज नाही.]