भिशीची तक्रार ग्राहक आयोगात चालते का?

श्रोतेहो, नमस्कार. भिशीत अडकलेल्या पैशांसाठी ग्राहक आयोगाकडे दाद मागता येते का, असे अनेकजण विचारतात. त्याचे उत्तर भिशी कोणत्या प्रकारची आहे आणि ती चालवणाऱ्याने त्यासाठी मोबदला घेतला आहे का, यावर अवलंबून असते.

सोसायटीतल्या दहाबारा जणी दरमहा ठरावीक रक्कम जमवतात, चिठ्ठी उचलतात आणि जिचे नाव निघेल तिला सगळी रक्कम देतात. येथे कोणी कमिशन घेत नाही. ग्राहक संरक्षण कायद्याने विनामूल्य दिलेली सेवा वगळलेली असल्यामुळे, अशा भिशीत एखादीने आपली रक्कम उचलल्यावर पुढचे हप्ते थांबवले, तरी ग्राहक आयोग त्यात लक्ष घालणार नाही.

लिलाव भिशीचे तसे नाही. समजा, वीस सभासद दरमहा पाच हजार रुपये भरतात आणि महिन्याची रक्कम एक लाख होते. गरजू सभासद वीस हजार सोडण्याची बोली लावून ऐंशी हजार उचलतो. सोडलेल्या वीस हजारांतून चालक पाच हजार कमिशन घेतो आणि उरलेल्या पंधरा हजारांतून प्रत्येकाच्या वाट्याला साडेसातशे रुपये लाभांश येतो. ते पाच हजार म्हणजेच सेवेचा मोबदला, आणि म्हणून सभासद ग्राहक ठरू शकतो. चालकाच्या कमिशनची कमाल मर्यादा 2019 च्या दुरुस्तीने पाच टक्क्यांवरून सात टक्के झाली आहे.

खरा पेच पुढे आहे. अशा भिशीला कायदा ‘चिट’ म्हणतो. 1982 च्या चिट फंड कायद्याचे कलम 64 सांगते की, इतर कायद्यांत काहीही असले, तरी चिटच्या व्यवस्थापनासंबंधीचा वाद लवादासाठी निबंधकाकडेच, म्हणजे चिट फंडांवर देखरेख ठेवणाऱ्या सरकारी अधिकाऱ्याकडेच जावा. दिवाणी न्यायालयाला तो ऐकण्याचा अधिकार नाही. भिशी चालवणाऱ्या कंपन्यांचे वकील नेमके याच कलमावर बोट ठेवतात. उलट 2019 च्या ग्राहक संरक्षण कायद्याचे कलम 100 म्हणते की, हा कायदा इतर कायद्यांना पूरक आहे, त्यांना छेद देणारा नाही. याच आशयाच्या जुन्या तरतुदीच्या आधारे सर्वोच्च न्यायालयाने 2003 मध्ये तमिळनाडूतील एका सहकारी पतसंस्थेच्या प्रकरणात असा निर्णय दिला की, सहकार कायद्यात वादासाठी वेगळी यंत्रणा असली, तरी तेवढ्याने सभासदाचा ग्राहक म्हणून असलेला हक्क संपत नाही. तो निर्णय भिशीचा नव्हता, हे लक्षात ठेवले पाहिजे. तरीही मुदत संपल्यावर देय रक्कम न देणे ही सरळसरळ सेवेतील त्रुटी असल्याने तेथे हाच तर्क लागू व्हावा, असे माझे मत आहे. लिलाव नियमाप्रमाणे झाला का, सभासदाला काढून टाकणे योग्य होते का, असे प्रश्न मात्र निबंधकाकडे अधिक नीट तपासले जातील. थकलेल्या हप्त्यांसाठी कंपनीला सभासदाविरुद्ध ग्राहक आयोगात जाता येणारच नाही, कारण तेथे ग्राहक ती नव्हे.

भिशीची नोंदणीच न करणारा चालकही कधी कधी कलम 64 ची ढाल पुढे करतो, हे तर अजबच. ज्या कायद्याखाली पूर्वपरवानगी घेणे त्याला जमले नाही, त्याच कायद्याचा आसरा त्याने मागावा! खोट्या सह्या किंवा अफरातफर असा गुंतागुंतीचा आरोप असेल, तर मात्र आयोगाकडून फार अपेक्षा ठेवू नये. आयोगाची कार्यवाही संक्षिप्त स्वरूपाची असून फसवणुकीचे तीव्र वादग्रस्त प्रश्न तेथे सोडवता येत नाहीत, असे सर्वोच्च न्यायालयाने 2023 मध्ये एका बँकेच्या प्रकरणात स्पष्ट केले आहे. अशा वेळी पोलिसांत फिर्याद देणे टाळता येत नाही.

ग्राहक आयोगात तक्रार कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत करावी लागते. दिलेला मोबदला पाच लाखांपर्यंत असेल, तर शुल्क नाही आणि वकील लावण्याची सक्तीही नाही. आपण राहतो त्या जिल्ह्याच्या आयोगातही ती दाखल करता येते. सोबत चिट कराराची प्रत, पासबुक आणि हप्त्यांच्या पावत्या जोडाव्यात. कराराची प्रत सभासदाला देणे हे चालकाचे कायदेशीर कर्तव्य आहे, तेव्हा ती हातात नसेल, तर आजच लेखी मागून घ्यावी.