माल्टा : डॉक्टर झामित आणि मधला रिकामा थर

(दृश्य : पाओला गावातली गल्ली, दोन्ही बाजूंना पिवळसर दगडाची घरं)

साल 1902. माल्टा बेटावरच्या पाओला गावात नवी घरं उठत होती. या बेटावर बारमाही नदी नाही. पावसाचं पाणी साठवायला घराखाली खडकात टाकं खोदतात. असंच एक टाकं खोदताना खालचा खडक फुटला आणि आत माणसानं कोरलेली दालनं दिसली. मजुरांनी काय करावं? बातमी दडवली. काम बंद पडलं तर मजुरी कोण देणार! बांधकाम बरंच पुढं गेल्यावर बोभाटा झाला.

खाली होती हाल साफ्लिएनीची हजारो वर्षांपूर्वीची भुयारी दफनभूमी. एकाखाली एक असे तीन मजले, खोली 10 मीटरच्या वर. सगळं चुनखडीच्या खडकात कोरलेलं, तेही दगड, गारगोटी आणि शिंगांच्या हत्यारांनी. धातू ती कोरणाऱ्या लोकांना ठाऊकच नव्हता. एका दालनाचं छत तर असं कोरलंय, की वर मोकळ्यावर बांधलेल्या मंदिराचं छत जसंच्या तसं खाली उतरवलंय. काही छतांवर गेरूनं काढलेली लाल वेटोळी अजून शाबूत आहेत.

(दृश्य : व्हॅलेटा, राष्ट्रीय पुरातत्त्व संग्रहालय, काचेआड मातीची छोटी मूर्ती)

ही मूर्ती तिथलीच. लांबी साधारण 12 सेंटीमीटर. भरल्या अंगाची एक बाई उजव्या कुशीवर, हात उशाशी घेऊन निजली आहे. तिच्या वजनानं बाजेचा मध्य किंचित वाकलाय. घोळदार वस्त्राची किनारही कोरायला कारागीर विसरलेला नाही. ती झोपली आहे की मेलेली आहे, यावर विद्वान भांडतात. भांडोत. बाज मात्र कारागिरानं रोजच्या पाहण्यातली घडवली आहे, हे उघड दिसतं.

इथं सुमारे 7,000 माणसं पुरली गेली असावीत, असा अंदाज आहे. अंदाजच, कारण हाडं कुठं, कुणाशेजारी, कुठल्या वस्तूंसोबत होती, याची नोंद आपल्याकडं नाही. पहिलं उत्खनन केलं इमॅन्युएल माग्री या जेझुइट पाद्र्यांनी. माणूस अभ्यासू, बेटावरच्या लोककथा गोळा करणारा. पण 1907 मध्ये धर्मकार्यासाठी ते ट्युनिशियातल्या स्फाक्सला गेले आणि तिथंच वारले. त्यांच्या टिपणवह्या पुढं कुणालाच सापडल्या नाहीत. बरीच दालनं तोवर उपसून झाली होती.

काम आलं डॉक्टर थेमिस्टोक्लीस झामित यांच्याकडं.

हे खरोखरचे डॉक्टर. माल्टात तेव्हा एका चिवट तापानं ब्रिटिश सैनिक आणि गावकरी हैराण होते. हा ताप शेळीच्या कच्च्या दुधातून पसरतो, हे 1905 मध्ये झामित यांच्या तपासण्यांतून उघड झालं. वरवर धडधाकट दिसणाऱ्या शेळ्यांचं रक्त त्यांनी तपासलं होतं. मातीकडंही ते त्याच नजरेनं बघत.

(दृश्य : तारशीन, मंदिरसमूह, नक्षीच्या वेटोळ्यांवरून सरकणारा कॅमेरा)

साफ्लिएनीपासून हाकेच्या अंतरावर तारशीन. एका शेतकऱ्याच्या नांगराला शेतात सारखे मोठाले दगड लागत. त्यानं झामित यांना सांगितलं. 1915 ते 1919 खोदकाम चाललं आणि जमिनीतून मंदिरांचा समूह वर आला. मोठाल्या शिळा, त्यांवर वेटोळ्यांची नक्षी, बोकड-मेंढ्यांची रांग, आणि एका महाकाय मूर्तीचा फक्त खालचा भाग : झालरीचा घागरा आणि गुबगुबीत पोटऱ्या.

एका नक्षीदार वेदीच्या दर्शनी दगडात बेमालूम बसवलेला दगडी बूच होता. तो काढला तर मागं पोकळी, आणि पोकळीत गारगोटीची सुरी, शेळीचं शिंग, जनावरांची हाडं. बळी इथंच देत असणार. सुरी ठेवून बूच लावणारा माणूस परत आलाच नाही.

झामित यांची खरी कमाई मात्र मूर्तींहून साध्या गोष्टीत आहे. खोदताना वरच्या थरात त्यांना राखेनं भरलेली मडकी आणि तांब्याची हत्यारं लागली. मृतांना जाळणारे, धातू वापरणारे हे लोक. तळाला मंदिराची फरशी. आणि या दोहोंच्या मध्ये मातीचा एक जाड थर, ज्यात माणसाची जवळपास काहीच खूण नाही. झामित यांनी तो थर मोजला, लिहून ठेवला. मंदिरं बांधणारे वेगळे, जाळणारे वेगळे, हे त्या रिकाम्या मातीनं सांगितलं. ती किती काळात साचली याबद्दल आजचे संशोधक त्यांच्याशी सहमत असतीलच असं नाही, पण वाद घालायला नोंद तरी आहे.

(दृश्य : गोझो बेट, जगंतियाच्या भिंती)

शेजारच्या गोझो बेटावरचं जगंतिया हे असंच मंदिर, इसवी सनपूर्व 3600 च्या सुमाराचं. मंदिरं बांधायची ही परंपरा हजार वर्षांहून अधिक चालली आणि इसवी सनपूर्व 2400 च्या आसपास थांबली. का? परग्रहवासी, बुडालेलं खंड वगैरे कथांना इथं फाटा देऊ. इंटरनेटवर त्या मुबलक आहेत.

उत्तराचे धागे गोझोवरच्याच शारा गावात मिळाले. तिथल्या भुयारी दफनभूमीत 1987 ते 1994 या काळात ब्रिटिश आणि माल्टीज पुरातत्त्वज्ञांनी हाडन् हाड जागच्या जागी नोंदवत काम केलं. पुढं बेटावरच्या गाळाचे नमुने घेऊन परागकण तपासले गेले. त्यांतून दिसतं ते असं : झाडी विरळ, माती धुपून जाणारी, पाऊस बेभरवशाचा आणि शेवटच्या काळात खाणंपिणं खालावलेलं. 2022 मध्ये इथल्या हाडांतल्या डीएनएचा अभ्यास प्रसिद्ध झाला. लोकसंख्या लहान होती, बाहेरच्यांशी सोयरीक कमी, आणि एका व्यक्तीचे आईबाप तर एकमेकांचे अगदी जवळचे नातलग निघाले. समुद्रापलीकडं सिसिली फार लांब नव्हती, तरीही.

साफ्लिएनीच्या हजारो माणसांना असे प्रश्न विचारायची सोय नाही. त्यांच्या हाडांपैकी मोजक्या कवट्या तेवढ्या उरल्या आहेत. भुयारात आज दिवसाला 80 च्या आसपास लोकांनाच सोडतात, कारण आपल्या श्वासातल्या ओलाव्यानं छतावरचा गेरू खराब होतो.