इन एक्स्ट्रेमो: बॅगपाइप गिटारवर शिंपडलेला नाहीये!

नमस्कार मंडळी. मागच्या महिन्यात फोक मेटलवर, म्हणजे लोकसंगीत मिसळलेल्या हेवी मेटलवर, एक छोटा व्हिडिओ टाकला होता, त्यात इन एक्स्ट्रेमो या जर्मन बँडची जेमतेम वीस सेकंदांची क्लिप होती, आणि त्याच्याखाली धडाधड कमेंट्स आल्या की दादा या बँडवर पूर्ण व्हिडिओ करा. तर हा घ्या. पण त्यातल्या निम्म्या कमेंट्समध्ये एक वाक्य होतं, "मेटलच्या गाण्यात स्कॉटिश बॅगपाइप घातला की झालं फोक मेटल". हे वाक्य माझ्या डोक्यात बसलंय. तीन चुका आहेत त्यात. आज मी त्याच्यावरच जास्त बोलणार आहे, आधीच सांगतो.

इतिहास पटकन उरकतो. बँड बर्लिनचा, सुरुवात 1995. गायक मिशाएल राइन, स्टेजवरचं नाव "दास लेत्स्टे आइनहॉर्न", म्हणजे शेवटचा एकशिंगी. सगळ्यांनाच अशी नावं आहेत, डॉक्टर पायमोंटे, फ्लेक्स डेर बीगझामं म्हणजे लवचिक फ्लेक्स. बरेचसे पूर्व जर्मनीत वाढलेले. राइनचं एका बाजूला नोआ नावाच्या रॉक बँडमध्ये काम चालू होतं आणि दुसऱ्या बाजूला जत्रांमध्ये, म्हणजे तिकडे जे मध्ययुगीन थाटाचे बाजार भरतात ना, तिथे पाइप आणि ढोल घेऊन विनागिटार वाजवणं चालू होतं. मग दोन्ही एकत्र आलं. 29 मार्च 1997 ला गिटार-ड्रम्ससकट पहिला कार्यक्रम, आणि बँड आपला वाढदिवस म्हणून हीच तारीख मानतो. 1998 ला "वेक्ट डी टोटन", 1999 ला "फरएर्ट उंड आंगश्पीन", आणि पुढे 2008, 2011, 2016 असे तीन अल्बम जर्मनीच्या चार्टवर थेट एक नंबरला. 2010 ला ड्रमर बदलला, 2021 ला बोरिस फायफर बाहेर पडला, तो त्यांच्या पाइपवाल्यांपैकी एक. 2024 ला "वोल्कनशीबर" आला. म्हणजे आजही चालू आहेत. झालं.

आता मुद्द्यावर.

पहिली गोष्ट, तो स्कॉटिश बॅगपाइप नाहीये. त्याचं नाव मार्क्टसाकफाइफे, सरळ अर्थ बाजारातली पिशवी-बासरी. आणि गंमत बघा, ऐकायला एवढं पुरातन वाटणारं वाद्य या रूपात मध्ययुगातलं नाहीच, जुनी चित्रं वगैरे बघून ते गेल्या शतकाच्या उत्तरार्धात पूर्व जर्मनीतल्या लोकांनी बनवलं, उघड्यावर गर्दीत ऐकू जावं म्हणून. त्यामुळे प्रचंड मोठा आवाज. आपल्या भाषेत सांगायचं तर साधारणपणे ते पांढरी सहामध्ये असतं आणि गंधार कोमल. स्कॉटिश पाइपचा गंधार शुद्ध, आणि पट्टी काळी पाचच्याही जराशी चढी. कोमल आणि शुद्ध गंधार, मंडळी! भीमपलास आणि खमाज ज्याला वेगळे ऐकू येतात त्याने "दोन्ही बॅगपाइप सारखेच" असं म्हणूच नये, मला खरंच राग येतो त्याचा.

मी शिकायला जर्मनीत होतो दोन वर्षं, तिकडे डिसेंबरमध्ये एका मध्ययुगीन बाजारात हे वाद्य पहिल्यांदा हातभर अंतरावरून पाहिलं. थंडी म्हणजे बोटं वळत नव्हती. दोन वादक, कार्यक्रमाच्या आधी पाइप कोटाच्या आत धरून बसलेले, लाकूड गरम ठेवायला. मग एकाने पिशवी फुगवली, कोपराने दाबली, आणि ड्रोन, म्हणजे सतत एकच सूर धरणारी नळी, जुळवायला लागला. ड्रोनची नळी दोन तुकड्यांची असते, वरचा तुकडा हाताने किंचित वर-खाली सरकवायचा. जुळत नाही तोवर दोन सुरांमध्ये वाँव-वाँव-वाँव अशी लाट येते. तो सरकवत गेला, लाट संथ होत गेली, वाँ…व, वाँ……व, आणि एका क्षणी थांबली. नुसता सपाट, भरलेला सूर. माझ्या छातीत वाजत होता तो. माझ्या आत्याकडे तंबोरा आहे, लहानपणी ती मणी सरकवत तंबोरा लावताना मी पुढ्यात बसायचो, आणि त्या बाजारात मला थेट आत्याची खोली आठवली. तीच लाट, तेच थांबणं.

आणि इथेच ती अवघड गोष्ट आहे जी लोकांच्या लक्षात येत नाही. बॅगपाइप थांबत नाही. नीट ऐका, परत सांगतो, बॅगपाइप थांबत नाही. पिशवीत हवा आहे तोवर ड्रोन वाजतोय आणि सुरावटीची नळी पण वाजतेय. गिटारवाला तारेवर हात ठेवून आवाज मारू शकतो, गायक श्वास घेऊ शकतो, पाइपवाल्याला मध्ये गप्प बसायची सोयच नाही.

दुसऱ्या बाजूने बघू. सनई घ्या. सनईची पत्ती वादकाच्या तोंडात असते, म्हणून तोच सूर दोनदा वाजवायचा तर जीभ मारली की झालं, ता-ता. बॅगपाइपची पत्ती नळीच्या आत, पिशवीच्या पलीकडे. जीभ पोचतच नाही! मग सा-सा कसं वाजवणार? मध्ये एक डोळ्याची पापणी लवेल एवढ्या वेळात दुसरं बोट उचलायचं, एक कण सूर मध्ये घुसवायचा, म्हणजे कानाला वाटतं सूर तुटला. तुम्हाला ती जी किलबिल, ती झिरमिळ ऐकू येते ना सुरांच्या मध्ये मध्ये, ती सजावट नाही. त्याच्याशिवाय वाक्यच तुटत नाही. एका ताईंनी लिहिलं होतं की "पाइपवाला उगाच हरकती घेतो". ताई, उगाच नाही हो, त्याला दुसरा रस्ताच नाही.

(इथे दोन्ही क्लिप एकामागोमाग लावतो, आधी सनई, मग पाइप. हेडफोन लावून ऐका.)

आता तिसऱ्या बाजूने, गिटारवाल्याच्या खुर्चीत बसून. तुमच्या बँडमध्ये एक वाद्य आहे ज्याला हळू-जोरात करता येत नाही, ज्याच्याकडे सप्तकभर आणि वर एखादाच सूर आहे, ज्याची पट्टी बदलत नाही आणि ज्याच्या खाली सतत एकच सूर चालू आहे. आता तुम्ही कॉर्ड्स कुठल्या वाजवणार? मनाला येईल तिथे जाताच येत नाही, ड्रोनशी भांडण होतं. म्हणून इन एक्स्ट्रेमोच्या पाइपवाल्या जागांवर गिटार बघा, जाडजूड पॉवर कॉर्ड, षड्ज-पंचम, गंधार काढून टाकलेला, आणि चार जागांच्या आतबाहेर फिरणारी. लोक म्हणतात सोपं रिफ आहे, म्हणजे गिटारचा परत परत येणारा तुकडा. अरे पाइपला जागा द्यायला ते सोपं ठेवलंय! पाइप गिटारवर शिंपडलेला नाही, गिटार पाइपच्या भोवती बांधलीये.

हे मला पुस्तकातून नाही, हाताने कळलं. माझा एक मित्र लग्नात सनई वाजवतो, घरातच परंपरा. आम्ही ठरवलं की इन एक्स्ट्रेमोचं "आय विस लो लोप" हे गाणं सनईवर करून बघू. मी गिटार ट्यूनरला लावून तयार, आणि सनई निघाली काळी दोनच्या केसभर वर. मी म्हटलं तू खाली घे. तो म्हणाला, "ती येणार नाही खाली, तू ये वर." तासभर मी हट्ट केला, तो पत्ती बदलत राहिला, रेकॉर्डिंगचा सगळा वेळ गेला. शेवटी सहाही तारा सनईला लावल्या आणि दहा मिनिटांत गाणं उभं राहिलं. त्याचा धाकटा भाऊ शेजारी बसून नुसता सूर धरून होता, गाल फुगवून, नाकाने श्वास घेत, अखंड. ड्रोनच तो. आपल्या सनई-चौघड्यात हे काम करणारा माणूस असतोच, आपलं लक्ष जात नाही त्याच्याकडे.

आणि हा संबंध मी ओढून-ताणून आणत नाहीये. इन एक्स्ट्रेमो शॉम पण वाजवतात, जर्मनमध्ये शालमाय, ती दुहेरी पत्तीची आणि खाली रुंद होत जाणारी नळी असते, म्हणजे सनईची चुलत बहीणच. त्यांच्याकडे हर्डी-गर्डी पण आहे, हँडल फिरवलं की राळ लावलेलं चाक तारांवर घासतं, आणि त्यातही एक-दोन तारा नुसता सूर धरून. सगळीकडे तोच आधार सूर.

आता गाण्यांबद्दल, कारण "यांना स्वतःचं काही नाही, जुनी गाणीच उचलतात" अशीही कमेंट आहे. सुरुवातीला जुन्या रचना भरपूर, हे खरंय. "आय विस लो लोप" दक्षिण फ्रान्सच्या ऑक्सितान भाषेतलं, लांडगा, कोल्हा आणि ससा नाचताना पाहिले असं. "हेर मानेलिग" स्वीडिश, डोंगरातली राक्षसीण सरदाराला लग्नाची मागणी घालते, घोडे देते, गिरण्या देते, तलवार देते, आणि तो नाही म्हणतो कारण ती ख्रिस्ती नाही. हे गाणं बँड 2001 च्या "गॉथिक" या जर्मन गेममध्ये चक्क पात्रं म्हणून उभं राहून वाजवतो, आणि कितीतरी गेमर पोरांना बँड तिथूनच कळला. पण 2003 च्या "7" च्या आसपासपासून स्वतःचे जर्मन शब्द वाढत गेले, 2013 चा "कुन्स्टराउब" ऐका, कलाकृतींच्या चोरीवरचा अल्बम, जुनं हस्तलिखित शोधायला जावं लागत नाही त्यात. मला स्वतःला पहिली पाच-सहा वर्षं जास्त प्रिय आहेत, नंतर पाइप पुष्कळदा फक्त मुखड्यापुरता येतो, ते मला कमी वाटतं.

एक गोष्ट मात्र सांगितल्याशिवाय राहवत नाही. "मेर्सेबुर्गर त्साउबरश्प्रुखं". मेर्सेबुर्ग गावच्या कॅथेड्रलच्या ग्रंथालयात 1841 ला एका हस्तलिखितात दोन मंत्र सापडले, ख्रिस्ती धर्म येण्याआधीच्या धर्मातले, जुन्या जर्मनमध्ये, हजारेक वर्षांपूर्वी लिहून ठेवलेले. एक कैद्याच्या बेड्या सुटाव्या म्हणून, दुसरा घोड्याचा मुरगळलेला पाय बरा व्हावा म्हणून. बँडने पहिला 1999 ला केला, दुसरा 2001 ला. दुसऱ्यात काय म्हटलंय? हाडाला हाड, रक्ताला रक्त, सांध्याला सांधा, जसं चिकटवलेलं. आता अथर्ववेद, चौथं कांड, बारावं सूक्त, मोडलेलं हाड जुळावं म्हणून: मज्जेला मज्जा जुळो, कातडीने कातडी वाढो. एकोणिसाव्या शतकातल्या जर्मन अभ्यासकांनीच ही दोन्ही शेजारी ठेवली होती. मी पहिल्यांदा हे वाचलं तेव्हा रात्रीचा एक वाजला होता, उठून गाणं लावलं, आणि तो मंत्र पाइपच्या ड्रोनवर ऐकताना अंगावर काटा आला. आत्ता बोलतानाही येतोय, बघा.

सुरुवात कुठून करू असं विचारलेल्या सगळ्यांना एकच उत्तर: आधी "आय विस लो लोप" लावा, आणि पहिल्यांदा ऐकताना चाल ऐकूच नका. खाली जो एक सूर हलत नाही तो पकडा, हळू आवाजात त्याच्याबरोबर गुणगुणा, गाणं संपेपर्यंत सोडू नका. मग दुसऱ्यांदा लावा आणि गिटार कुठे कुठे त्या सुराकडे परत येते ते मोजा. किती वेळा आली ते कमेंटमध्ये लिहा, मी प्रत्येकाला उत्तर देतो.