समेआधी दोन फ्रेम

[दृश्य : बेळगाव, वडगाव. माडीवरची अंधारी खोली. काचेखालून उजेड.]

ख्यालगायनावरचं अ‍ॅनिमेशन, तेही रांगोळीचं. काचेवर चिमूटभर रांगोळी. ब्रशच्या टोकानं जराशी सरकवायची, हात बाजूला, फोटो. पुन्हा सरकवायची, पुन्हा फोटो. सेकंदाला असे १२. प्रत्येक फोटो दोन फ्रेम (चित्रपटातली सुटी चित्रं) टिकतो, म्हणून पडद्यावर २४.

कुमार गंधर्वांचं जन्मगाव सुळेभावी इथून जवळच. तेव्हा या काचेवर ख्याल उमटावा यात नवल नाही. अवघड आहे तो हिशेब.

अ‍ॅनिमेशनकार ऑस्कर फिशिंगर यांनी १९३८ मध्ये संगीतकार लिस्ट यांच्या हंगेरियन ऱ्हॅप्सडी या रचनेवर रंगीत कागदाचे आकार तारांना टांगून नाचवले. तिथली सुरावट आधीच लिहिलेली. ख्यालात लय गाता गाता चढते. मिनिटाला ६० मात्रा (तालाचे ठोके) धरल्या तर १६ मात्रांच्या तीनतालाचं आवर्तन, म्हणजे एक फेरी, १६ सेकंदांचं, ३८४ फ्रेमचं. लय ६४ वर गेली की तेच ३६० फ्रेममध्ये आटपतं. एका आवर्तनात अख्ख्या मात्रेची चूक! म्हणून मेट्रोनोमवर, एकाच लयीत टिकटिकणाऱ्या यंत्रावर, विसंबायचं नाही. रेकॉर्डिंग ऐकत प्रत्येक समेवर (आवर्तनाची पहिली मात्रा) आणि ‘खाली’च्या मात्रेवर (तीनतालात नववी) खूण करायची, मधल्या मात्रा मागाहून वाटून घ्यायच्या.

चित्रातला ठोका मात्र समेच्या एक-दोन फ्रेम आधी. नेमका खुणेवर ठेवला तर उशिरा पडल्यासारखा वाटतो.

[दृश्य : तान सुरू. रेघ वळत धावते.]

६० च्या लयीत आठपट तान, मात्रेला आठ स्वर, म्हणजे एका स्वराला ३ फ्रेम. दोन-दोनच्या जोड्यांत तीन बसत नाहीत. तेवढ्यापुरते सेकंदाला २४ फोटो काढावे लागतात. बरं, प्रत्येक स्वराला एक ठिपका उडवला तर तो डोंबाऱ्याचा खेळ होतो. एकच रेघ धावू द्यावी, तिनं सम गाठावी. मींडेला, म्हणजे एका स्वरावरून दुसऱ्यावर अखंड घसरत जाण्याला, तर ठिपका चालतच नाही.

रांगोळी शिरगोळ्याची, जाडसर. चहाच्या गाळणीतून चाळून वर राहील ती घ्यायची. खाली पडलेलं पीठ काचेवर धुरकट थर धरतं. जुलैत बेळगावच्या पावसात रांगोळी दमट होते, गुठळ्या होतात. कोरड्या तव्यावर परतायची, पूर्ण गार करायची. पंखा बंद. खिडकीला काळं कापड, नाहीतर ढग सरकला की चित्र लुकलुकतं. फोकस, एक्स्पोजर, व्हाइट बॅलन्स हातानं लावून तसेच ठेवायचे.

आणि तंबोरा रेकॉर्ड करायचा तो शेजारचे यंत्रमाग थांबल्यावर. ती खडखड नंतर काढायला गेलं की तंबोऱ्याची जवारी, तारांचा तो झणकारही जातो.

[दृश्य : काच रिकामी. फक्त तंबोरा. मग पहिली चिमूट.]