अंधारीतला चाबूक

देवगिरीच्या किल्ल्यातल्या अंधारी नावाच्या भुयारी वाटेत भर दुपारीही हाताला हात दिसत नाही. शत्रूची वाट चुकावी म्हणून तो काळोख तिथे जाणूनबुजून राखलेला आहे. २००१ साली गेम बॉय ॲडव्हान्स या हातात धरून खेळायच्या यंत्राबरोबरच बाजारात आलेल्या ‘कॅसलव्हेनिया: सर्कल ऑफ द मून’ या कोनामी कंपनीच्या व्हिडिओ खेळातही काळोखाला असेच काम दिलेले आहे.

नेथन ग्रेव्हज हा तरुण सुरुवातीलाच ड्रॅक्युलाच्या गढीच्या तळघरात कोसळतो आणि केवळ चाबकाच्या बळावर, आपल्या गुरूला सोडवण्यासाठी, मजल दरमजल वर चढत जातो. ज्या उंच कठड्याखालून आपण हात हलवत परतलेलो असतो, त्याच कठड्यावर दुहेरी उडी साधल्यानंतर पाय टेकतो, तेव्हा होणारा आनंद निखळ आहे. जोडीला घुमणारे संगीत तर आजही अंगावर काटा आणते.

खेळाचे खरे वैभव मात्र त्याच्या पत्त्यांत आहे. दहा पत्ते कृतीचे, दहा गुणांचे, आणि त्यांच्या शंभर जोड्या. मर्क्युरी या कृतीच्या पत्त्याला सॅलमँडर हा गुणाचा पत्ता जोडला की चाबकातून ज्वाळा निघतात. दुर्दैवाने कोणता पत्ता कोणत्या शत्रूकडे आहे हे खेळ सांगत नाही आणि पत्ता मिळणेही नशिबावर सोडलेले असल्यामुळे, एकाच राक्षसाला पुन्हा पुन्हा मारत बसावे लागते. धावण्यासाठी दर वेळी दिशेचे बटण दोनदा दाबावे लागते, आणि तासाभरात अंगठा भरून येतो.

सर्वांत मोठा दोष काळोखाचाच. त्या यंत्राच्या पडद्याला स्वतःचा उजेड नव्हता, आणि चित्रे रंगवली होती गडद. आमच्याकडे भारनियमनाच्या संध्याकाळी टीव्ही बंद पडे. दोन पेन्सिल सेलवरचे हे यंत्र चालू राही, पण कंदिलाच्या उजेडात त्यावर काही दिसत नसे. दुपारी ओसरीच्या कडेला, पडदा उन्हाकडे कलता धरून खेळतानासुद्धा, वटवाघूळ अंगावर आदळल्यावरच कळायचे. अंधारीतला काळोख शत्रूसाठी होता. इथे तो खेळणाऱ्याच्याच वाट्याला आला. २००२ च्या पुढच्या भागात रंग उजळ झाले, पण संगीताची ती धार राहिली नाही, याची हळहळ वाटते.

२०२१ मध्ये हा खेळ नव्या यंत्रांसाठी पुन्हा निघाला. उजळ पडद्यावर मी प्रथम त्याच तळघरात उतरलो, आणि चाबूक न उगारता बराच वेळ नुसत्या भिंती पाहत राहिलो.