आधी वसुली कोणाकडून?

पत्रिकेवर ‘जामीनदाराचे हक्क’ असा विषय छापला आहे. तिकडे येतोच, पण आधी एका गैरसमजाबद्दल बोलू द्या, कारण त्यापायी माणसं पार खचलेली असतात. "कर्जदाराचं घर आहे, गाडी आहे. आधी ती विका, मग माझ्याकडे या," असं जवळजवळ प्रत्येक जामीनदार म्हणतो. कायदा तसं म्हणत नाही. भारतीय करार कायदा, १८७२, कलम १२८ : करारात वेगळं ठरलं नसेल तर जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच. मुद्दल, व्याज, खर्च, सगळं त्यात आलं. बँक ऑफ बिहार विरुद्ध दामोदर प्रसाद या खटल्यात खालच्या न्यायालयाने ‘आधी कर्जदाराकडून वसूल करा’ अशी अट घातली होती. सर्वोच्च न्यायालयाने १९६८ साली ती काढून टाकली. वसुली लवकर व्हावी म्हणून तर जामीन घेतात. ती लांबवायची तर जामिनाचा उपयोग काय, असा तो विचार आहे.

मग हप्ते थकले की संस्था कोणाकडे जाणार? ज्याच्या पगाराचा पत्ता पक्का आहे त्याच्याकडे. पतसंस्थेच्या कर्जात तर दिवाणी दावाही लागत नाही. सहकार कायद्याच्या कलम १०१ खाली निबंधकाकडे, म्हणजे सहकार खात्याच्या अधिकाऱ्याकडे, अर्ज होतो, कर्जदार आणि जामीनदार दोघांनाही नोटीस निघते. ही नोटीस परत पाठवू नका, ही माझी कळकळीची विनंती आहे. हिशेबाचा उतारा मागायची, व्याजावर हरकत घ्यायची जागा तीच. एकदा वसुली दाखला, म्हणजे निबंधकाचा वसुलीचा हुकूम, निघाला की पुनरीक्षण अर्जासाठी, म्हणजे तो हुकूम वरच्या अधिकाऱ्याकडून तपासून घेण्यासाठी, येणे रकमेच्या ५० टक्के आधी संस्थेत भरावे लागतात. कोऱ्या फॉर्मवर सही करणाऱ्याला तर हरकत कशावर घ्यायची हेही ठाऊक नसतं. सही करताना रक्कम, व्याजदर, मुदत भरलेली पाहा, आणि प्रत तिथेच मागून घ्या.

वेळ संपत आली म्हणून सांगतात, तेव्हा हक्क भरभर सांगतो. तुमच्या संमतीशिवाय कराराच्या अटी बदलल्या, तर त्यानंतरच्या व्यवहारापुरते तुम्ही सुटता, करार कायद्याचं कलम १३३. संस्थेने तारण हातचं घालवलं, तर त्या तारणाच्या किमतीपुरते सुटता, त्याच कायद्याचं कलम १४१. छापील हमीपत्रात हे हक्क सोडल्याचं कलम बहुतेक असतंच, ते वाचा. संस्थेने नुसती सबुरी धरली, कर्जदारावर मुदतीत दावा केला नाही, एवढ्याने मात्र सुटका नाही. न्यायालयाच्या हुकुमाने पगारजप्ती आली, तर पहिले १,००० रुपये आणि उरलेल्याचे दोन तृतीयांश सुरक्षित : जप्तीसाठी धरायचा पगार ४०,००० असेल तर महिन्याला जास्तीत जास्त १३,००० जातील. पैसे भरलेत, तर ‘अमुक कर्जापोटी जामीनदार म्हणून’ असं पावतीवर लिहून घ्या. सगळं कर्ज फेडलं असेल तर तारणाची कागदपत्रंही मागा. कर्जदारावर दावा लावायला भरणा केल्या दिवसापासून तीन वर्षं मिळतात. सहजामीनदाराकडून, म्हणजे त्याच कर्जाला जामीन राहिलेल्या दुसऱ्याकडून, त्याचा वाटा मागायचा तर तुमच्या वाट्याहून जास्त भरलंत त्या दिवसापासून तीन वर्षं.